मुंबईत जन्मलेल्या मुलीला ब्रिटनच्या संसदेत जाता येईल का?

मुलुंडच्या एका वडिलांचा प्रश्न आहे. त्यांची लेक २६ वर्षांची, जन्म आणि शिक्षण मुंबईत. लीड्सला एमए केलं आणि तिथेच एका हाउसिंग असोसिएशनमध्ये, म्हणजे परवडणाऱ्या भाड्याची घरं चालवणाऱ्या संस्थेत, नोकरीला लागली, त्याला तीन वर्षं होत आली. आता ती म्हणते, मला इथल्या पार्लमेंटमध्ये जायचंय. वडील विचारतात, "ऋषी सुनक तिथेच जन्मले, नामांकित शाळेत शिकले. आमची ना ओळख, ना पैसा. इकडे जन्मलेल्या मुलीला हे जमण्यासारखं आहे का, की वेळीच समजावून परत बोलवू? आणि आमचं आडनाव तिकडे कोणाच्या जिभेवर बसत नाही, ते बदलावं लागेल का?"

मी कुठल्या अनुभवावरून बोलतेय ते आधी सांगते. मी गिरगावची. लग्नानंतर लंडनला गेले. तिथे शहराच्या कडेच्या एका बरोमध्ये, म्हणजे लंडनच्या एका पालिका विभागात, एका मोठ्या पक्षाची आधी कार्यकर्ती, मग संघटक आणि पुढे बरीच वर्षं इलेक्शन एजंट होते. उमेदवाराच्या खर्चाचा प्रत्येक पौंड एजंटच्या नावावर असतो आणि हिशेबात गडबड झाली तर कायद्यापुढे त्यालाही उभं राहावं लागतं. भारतातून, पूर्व आफ्रिकेतून, श्रीलंकेतून आलेल्या कितीतरी उमेदवारांबरोबर मी दारं वाजवली आहेत. थोडे खासदार झाले, बरेच नगरसेवक झाले, कित्येक पडले. आता मी पार्ल्यात परत आलेय.

तुमच्या एका प्रश्नात तीन प्रश्न आहेत. कायदा तिला उभं राहू देतो का? पक्ष तिला तिकीट देईल का? आणि परक्या देशात जन्मलेल्या मुलीला लोक मत देतील का? तुम्हाला भीती तिसऱ्याची वाटतेय. ती तुम्ही समजता तेवढी मोठी नाही. खरी लढाई मधल्या प्रश्नाची आहे, आणि त्या लढाईची तयारी तिने आजपासून केली तरच पुढचं काही घडेल.

कायद्याचं लवकर उरकते, कारण तिथे भारतीयांची बाजू अनपेक्षितपणे चांगली आहे. हाउस ऑफ कॉमन्सला उभं राहायला वय १८ पूर्ण लागतं आणि नागरिकत्व ब्रिटिश, आयरिश किंवा राष्ट्रकुल देशाचं चालतं. भारत राष्ट्रकुलात आहे. म्हणजे भारतीय पासपोर्टवरही उमेदवारी भरता येते, फक्त तिथे कायमचं राहण्याची परवानगी, म्हणजे इनडेफिनिट लीव्ह टू रिमेन, हातात हवी. इंग्लंडमध्ये नगरसेवकपदालाही हीच अट आहे. मतदान तर तिला आजच करता येतं. स्टुडंट किंवा वर्क व्हिसावरचा भारतीय नागरिकही तिथे मतदार यादीत नाव घालू शकतो, आणि मतदान केंद्रावर ओळखपत्र म्हणून भारतीय पासपोर्ट चालतो. कित्येक मराठी मुलं चार-चार वर्षं तिथे राहतात आणि हे त्यांच्या गावीही नसतं.

परिस्थितीवर अवलंबून आहे ते तिच्या व्हिसाचं. ती कोणत्या व्हिसावर आहे हे तुम्ही लिहिलेलं नाही. कायम वास्तव्य मिळायला नोकरीच्या व्हिसावर साधारण पाच वर्षं लागत आली आहेत, पण २०२५ मध्ये तिथल्या सरकारने हा काळ दहा वर्षांकडे नेण्याचा प्रस्ताव मांडला. त्यामुळे तिचं नेमकं वर्ष कोणतं, हे तिथल्या इमिग्रेशन वकिलाकडून लेखी घ्यावं. व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरच्या माहितीवर जाऊ नये. मागची सार्वत्रिक निवडणूक जुलै २०२४ मध्ये झाली, पुढची २०२९ पर्यंत होईल. ती तिची नव्हे. त्यानंतरची धरा.

उद्या तिने देश बदलायचं ठरवलं तर सगळं गणितच बदलतं. अमेरिकेत प्रतिनिधिगृहासाठी नागरिक होऊन सात वर्षं झालेली असावी लागतात, सिनेटसाठी नऊ. कॅनडात नागरिकत्व हवंच. ऑस्ट्रेलियात तर राज्यघटनेच्या कलम ४४ प्रमाणे दुसऱ्या देशाचं नागरिकत्व असेल तर संसदेत बसता येत नाही. २०१७ मध्ये तिथे उपपंतप्रधान बार्नबी जॉइस यांच्यासह पाच जणांना कोर्टाने याच कारणाने अपात्र ठरवलं. त्यातल्या काहींना आपण दुसऱ्या देशाचे नागरिक आहोत हे ठाऊकही नव्हतं.

आता तिकिटाकडे येते, कारण माझं निम्मं आयुष्य त्यात गेलं.

आपल्या मुंबईच्याच माणसाचं उदाहरण घेऊ. फ्लोरा फाउंटनपाशी ज्यांचा पुतळा आहे आणि ज्यांच्या नावाच्या रस्त्यावरून आपण सीएसएमटीला जातो, ते दादाभाई नौरोजी १८५५ मध्ये कामा कंपनीच्या कामासाठी इंग्लंडला गेले. खासदार झाले १८९२ मध्ये, वयाच्या ६६ व्या वर्षी. १८८६ मध्ये होल्बर्नमधून लिबरल पक्षातर्फे उभे राहिले आणि पडले. ती जागा त्यांच्या पक्षासाठी मुळात अवघड होती. नवख्याला आणि परक्याला पडणारी जागा द्यायची, ही रीत तेव्हाही होती, आजही आहे. १८८८ मध्ये पंतप्रधान लॉर्ड सॉल्सबरी यांनी एका भाषणात त्या पराभवाचा उल्लेख करून, इंग्रज मतदार अजून काळ्या माणसाला निवडून देण्याइतके पुढे गेलेले नाहीत, अशा अर्थाचं बोलून दाखवलं. त्यावर इंग्लंडभर गदारोळ झाला आणि दादाभाईंचं नाव घराघरांत पोचलं.

शाळेत आपल्याला इथपर्यंत शिकवतात. पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. एवढं नाव होऊनही सेंट्रल फिन्सबरीचं तिकीट त्यांना सहज मिळालं नाही. स्थानिक लिबरल मंडळीत फूट पडली, पक्षातलाच दुसरा दावेदार उभा ठाकला, आणि ते भांडण वर्षानुवर्षं चाललं. दादाभाई तिथून हलले नाहीत. फिन्सबरी कामगारांची, कारागिरांची वस्ती. दादाभाई आयर्लंडच्या होमरूलबद्दल बोलले, स्त्रियांच्या मताधिकाराबद्दल बोलले, कामाचे तास आठ असावेत या मागणीच्या बाजूने उभे राहिले. भारताची लूट हा त्यांच्या आयुष्याचा विषय होता, पण फिन्सबरीच्या सभेत ते फिन्सबरीचे उमेदवार म्हणून उभे राहत. शेवटी हाताच्या बोटांवर मोजता येतील इतक्याच मतांच्या फरकाने ते निवडून आले. एवढ्या कमी फरकाच्या निवडणुकीत प्रत्येक गल्ली मोलाची ठरते. शपथ त्यांनी बायबलवर न घेता खोर्देह अवेस्ता या पारशी प्रार्थनाग्रंथावर घेतली. आज खासदार गीतेवर किंवा कुराणावर शपथ घेतात तेव्हा मला हे आठवतं.

आजची तिकीटवाटप पद्धत पक्षागणिक वेगळी आहे, पण सांगाडा साधारण सारखा. आधी पक्षाच्या मान्य उमेदवारांत यावं लागतं: अर्ज, मुलाखत, आणि जुन्या पोस्ट खणून काढणारी चौकशी. मग एखादी जागा रिकामी झाली की लाँगलिस्ट, मग शॉर्टलिस्ट, आणि शेवटी त्या मतदारसंघातल्या पक्षसदस्यांपुढे भाषण आणि मतदान. हे सदस्य किती असतात? काही शे. सभेला प्रत्यक्ष येतात ते त्याहून कमी. सत्तर-पंचाहत्तर हजार मतदारांचा खासदार कोण असेल, हे सुरक्षित जागांवर प्रत्यक्षात हीच थोडी माणसं ठरवतात.

अशा कितीतरी सभांना मी मागच्या बाजूला बसलेय. शाळेचा हॉल, घडीच्या खुर्च्या, चहाचा मोठा थर्मास. उमेदवाराला दहाएक मिनिटं बोलायला मिळतात, मग प्रश्न. ऑक्सफर्डची पदवी असलेली, उत्तम बोलणारी माणसं तिथे हरताना मी पाहिली आहेत, आणि अडखळत इंग्रजी बोलणारी एक नर्स जिंकताना पाहिली आहे. ती बोलायला उठली तेव्हा हॉलमधल्या निम्म्या लोकांना ती नावाने ओळखत होती. दर शनिवारी सकाळी ती त्यांच्याबरोबर पत्रकं वाटत होती, एकाचा गुडघा बदलला तेव्हा त्याच्या वाट्याची गल्लीही तिनेच केली होती. ते बोलून दाखवायची तिला गरज पडली नाही.

म्हणून तुमच्या मुलीला पहिला सल्ला: भाषणाचे क्लास नंतर, आधी शनिवार. तिने आपल्या वॉर्डातल्या शाखेत जावं आणि काम मागावं. आपल्याकडच्या शाखेत गटप्रमुख जे करतो तेच तिथेही करायचं असतं. मतदार यादी घेऊन दारोदार जाणं, कोण कुठल्या बाजूला झुकलाय त्याची नोंद, मतदानाच्या दिवशी आपला मतदार बाहेर पडला की नाही ते पाहणं. कोणता पक्ष, ते तिच्या विचारांनी ठरवावं. तिकीट कुठे लवकर मिळेल हे पाहून पक्ष निवडणारी माणसं मी पाहिली आहेत. शाखेतल्या जुन्या लोकांना ते पहिल्या महिन्यात कळतं.

त्यानंतर नगरसेवकपद. मी हा रस्ता जवळजवळ सगळ्यांना सांगते. कौन्सिलच्या निवडणुकीला डिपॉझिट लागत नाही. त्या भागात वर्षभर राहत किंवा काम करत असलं, किंवा तिथल्या यादीत नाव असलं की भागतं. नोकरी सांभाळून हे काम करणारे पुष्कळ आहेत. एक गोष्ट मात्र तिने तपासावी. कौन्सिलचा नोकर त्याच कौन्सिलचा नगरसेवक होऊ शकत नाही. हाउसिंग असोसिएशन वेगळी संस्था असते, तेव्हा बहुधा अडचण येणार नाही, पण नोकरीचा करार वाचून घ्यावा.

या कामाने माणूस कसा घडतो ते एका प्रसंगातून सांगते. आमच्या बरोत एक तरुण उमेदवार होता, जन्म भारतातला. पावसाळी संध्याकाळी आम्ही एका दाराशी उभे होतो. दार उघडणाऱ्या आजी जुन्या लंडनच्या, चेहऱ्यावर संशय. मला वाटलं, आता विचारणार, तू कुठला? त्यांनी विचारलं, "तू राहतोस कुठे?" त्याने रस्त्याचं नाव सांगितलं आणि म्हणाला, तुमच्या कोपऱ्यावरची बस मीच सकाळी पकडतो, हल्ली ती दोन-दोन वेळा येतच नाही. आजींनी दार पूर्ण उघडलं. पुढची पंधरा मिनिटं बस, बंद पडलेला दवाखाना आणि शेजारच्या गल्लीत टाकला जाणारा कचरा. दुसऱ्या दिवशी त्याने कचऱ्याची तक्रार नोंदवली आणि तक्रारीचा नंबर चिठ्ठीवर लिहून त्यांच्या पत्रपेटीत टाकला. मत त्यांनी कोणाला दिलं ते मला माहीत नाही. पुढच्या खेपेला मात्र त्यांनी आमचं पोस्टर खिडकीत लावलं होतं.

खासदार झाल्यावरही हे काम संपत नाही. तिथले खासदार बहुधा शुक्रवारी किंवा शनिवारी मतदारसंघात 'सर्जरी' घेतात, म्हणजे लोकांना भेटण्याची वेळ. वाचनालयात किंवा चर्चच्या हॉलमध्ये माणसं फाइल मांडीवर घेऊन बसलेली असतात. भिंतीला ओल आलेलं कौन्सिलचं घर, अडकलेला व्हिसा, अपंग मुलासाठी शाळा. हाउसिंगमध्ये काम केलेली मुलगी इथे पहिल्या दिवसापासून उपयोगाची असते. मी तर म्हणेन, तिची आजची नोकरी ही तिची सगळ्यात मोठी जमेची बाजू आहे. कुठल्या खासदाराच्या मतदारसंघ कार्यालयात केसवर्करची, म्हणजे लोकांच्या अडचणींचा पाठपुरावा करणाऱ्याची, जागा निघाली तर तिने अर्ज जरूर करावा. मतदारसंघ आतून कळायला त्यासारखी जागा नाही.

हा रस्ता चालतो का? २०२४ मध्ये केंटमधल्या अ‍ॅशफर्डमधून सोजन जोसेफ निवडून आले. मूळचे केरळचे, मानसिक आरोग्य विभागातले नर्स, त्याआधी तिथल्याच बरो कौन्सिलमध्ये नगरसेवक. त्यांनी ज्यांना हरवलं ते डेमियन ग्रीन १९९७ पासून तिथले खासदार होते. आणि आपल्या मालवणजवळच्या वराडचं नाव जगभर नेणारे लिओ वराडकर घ्या. त्यांचा जन्म डब्लिनचा, वडील इथून गेलेले डॉक्टर. १९९९ मध्ये वयाच्या विसाव्या वर्षी, वैद्यकीय शिक्षण चालू असताना, ते स्थानिक निवडणुकीला उभे राहिले आणि पडले. २००४ मध्ये कौन्सिलवर निवडून आले, २००७ मध्ये आयर्लंडच्या संसदेत, २०११ मध्ये मंत्री, २०१७ मध्ये पंतप्रधान. २०१७ च्या बातम्यांत 'मराठी माणूस पंतप्रधान' एवढंच दिसत होतं. १९९९ चा पराभव मला जास्त शिकवतो.

सुनक यांची वाट वेगळी होती. २०१५ मध्ये पहिल्याच निवडणुकीत त्यांना रिचमंडसारखी पक्षाची अगदी पक्की जागा मिळाली. ती वाट काहींना मिळते. ती धरून स्वतःचा हिशेब मांडू नये.

आता लोक मत देतील का? हा प्रश्न मुंबईकराने स्वतःलाही विचारून पाहावा. १९७७ मध्ये आपल्या वायव्य मुंबईने केंद्रीय कायदामंत्री ह. रा. गोखले यांना पाडून राम जेठमलानींना निवडून दिलं. ते सिंधमधल्या शिकारपूरचे, फाळणीनंतर निर्वासित म्हणून मुंबईत आलेले. १९८४ मध्ये त्याच मतदारसंघाने जेठमलानींना पाडलं ते सुनील दत्त यांच्यासाठी, ज्यांचा जन्म झेलम जिल्ह्यातला. म्हणजे दोन्ही मुख्य उमेदवार सीमेपलीकडे जन्मलेले, आणि पार्ले-अंधेरीच्या मतदाराला त्यात काही वावगं वाटलं नाही. दत्तसाहेब तिथून पाच वेळा निवडून आले. इंग्लंडचा मतदार काही वेगळ्या मातीचा नाही.

पण जन्माचा प्रश्न कायमचा मिटतो असंही मी म्हणणार नाही. आपल्याकडेच पाहा. सोनिया गांधी यांनी १९८३ मध्ये भारतीय नागरिकत्व घेतलं, कायद्याने सगळं मोकळं होतं. तरी १९९९ मध्ये विदेशी मूळ या मुद्द्यावर शरद पवार, संगमा आणि तारिक अन्वर यांना काँग्रेसबाहेर जावं लागलं आणि राष्ट्रवादी काँग्रेस उभी राहिली. नगरसेवक असताना हा प्रश्न कोणी काढत नाही. माणूस जितका वर जातो, तितका तो काढणाऱ्यांना फायदा दिसू लागतो. तुमच्या मुलीने उत्तर आधीच ठरवून ठेवावं, छोटं ठेवावं, आणि चिडू नये.

मराठी उमेदवाराची तिथे एक खास स्थिती आहे. ब्रिटनमध्ये असा एकही मतदारसंघ नाही जिथे मराठी मतांवर कोणी निवडून येईल. गुजराती, पंजाबी, मीरपुरी उमेदवारांना काही ठिकाणी समाजाचा आधार मिळतो, आपल्याला नाही. पुष्कळांना ही उणीव वाटते. मला हा फायदा वाटतो. समाजाच्या बळावर उभ्या राहिलेल्या उमेदवाराकडे पहिल्या दिवसापासून मायदेशाच्या भांडणांत बाजू मागितली जाते. देवळाच्या समितीतली भांडणंही त्याच्या दारात येतात. आपल्या मुलीला सुरुवातीपासून सगळ्यांचं व्हावं लागेल, आणि शेवटी तेच टिकतं. महाराष्ट्र मंडळात जावं, गणपतीला जावं, मदत मागावी, पत्रकं वाटायला माणसं घ्यावीत. मतांचा हिशेब तिथे मांडू नये. आणि भारताच्या राजकारणावर सोशल मीडियावर रोज मत देण्याची सवय असेल तर ती आजच थांबवावी. चौकशीत पहिल्यांदा तेच सापडतं.

दादाभाईंनंतरच्या दोघांकडे पाहिलं की हा मुद्दा आणखी स्पष्ट होतो. मंचरजी भावनगरी १८९५ आणि १९०० मध्ये बेथनल ग्रीनमधून काँझर्व्हेटिव्ह पक्षातर्फे निवडून आले. शापुरजी सकलातवाला, जमशेटजी टाटांचे भाचे, १९२२ आणि १९२४ मध्ये बॅटरसीतून निवडून आले ते कम्युनिस्ट पक्षाचे सदस्य असताना. १९२६ च्या सार्वत्रिक संपात हाइड पार्कमधल्या भाषणाबद्दल त्यांना दोन महिने तुरुंगात काढावे लागले. तिघेही मुंबईचे पारशी, तिघांचे पक्ष वेगळे, आणि भारताच्या प्रश्नावर दादाभाई आणि भावनगरी यांच्या भूमिका तर विरुद्ध टोकाच्या. तिघेही लंडनच्या कष्टकरी वस्त्यांतून निवडून आले. तिथे त्या काळी मूठभरही भारतीय मतदार नसतील. सकलातवाला १९२९ मध्ये पडले, आणि भारतीय घरातलं पुढचं ठळक नाव येतं थेट १९८७ मध्ये: एडनला जन्मलेले गोवेकर कीथ वाझ. मधल्या जवळपास सहा दशकांत मुंबईची, पंजाबची माणसं ब्रिटनला जायची थांबली होती का? उलट तेव्हा मोठ्या संख्येने गेली. पक्षांनी त्यांना जिंकणाऱ्या जागा दिल्या नाहीत. मतदाराला दोष देण्याआधी पक्षाकडे बघा, असं मी म्हणते ते यामुळे.

पैशाबद्दल तुम्ही विचारलंय. ब्रिटनमध्ये डिपॉझिट ५०० पौंड, पाच टक्क्यांच्या वर मतं मिळाली की परत. प्रचाराच्या शेवटच्या टप्प्यात उमेदवाराच्या खर्चाला कायद्याची मर्यादा असते, मतदारसंघाप्रमाणे साधारण पंधरा ते एकवीस हजार पौंडांच्या घरात. तो पैसा बहुधा स्थानिक पक्ष जमवतो. खरा खर्च तिकीट मिळण्याआधीचा: रेल्वेचं भाडं, बिनपगारी रजा, एका जागेवरून दुसऱ्या जागेच्या मुलाखतीला धावणं. तो तिलाच सोसावा लागेल. अमेरिकेत चित्र वेगळं आहे. बेळगाव भागातले श्री ठाणेदार तिथे उद्योजक झाले. २०१८ मध्ये मिशिगनच्या गव्हर्नरपदासाठी पक्षाच्या प्राथमिक निवडणुकीत त्यांनी स्वतःचे सुमारे एक कोटी डॉलर घातले आणि हरले. २०२० मध्ये राज्याच्या विधानसभेत गेले, २०२२ मध्ये अमेरिकन काँग्रेसवर निवडून आले. तिथे प्राथमिक निवडणूक सामान्य मतदार ठरवतो, त्यामुळे टीव्हीवर दिसावं लागतं आणि त्याला पैसा लागतो. ब्रिटनमध्ये त्या काही शे सदस्यांना ओळखावं लागतं. तिच्यासारखीला ब्रिटनची पद्धत परवडणारी आहे.

एक गोष्ट वडील म्हणून तुम्हाला माहीत असावी, म्हणून लपवत नाही. जून २०१६ मध्ये खासदार जो कॉक्स यांची हत्या झाली ती लीड्सपासून जवळच, बर्स्टलमध्ये, मतदारांना भेटायला जाताना. ऑक्टोबर २०२१ मध्ये डेव्हिड एमेस यांना चर्चच्या हॉलमध्ये सर्जरी चालू असतानाच मारलं गेलं. तेव्हापासून पुष्कळ ठिकाणी आधी वेळ घेतल्याशिवाय भेट होत नाही, पोलिसांशी संपर्क ठेवला जातो. उमेदवाराला घरचा पत्ता मतपत्रिकेवर न छापण्याची मुभा आहे, ती तिने नगरसेवकपदाच्या पहिल्या निवडणुकीपासूनच घ्यावी. बाई आणि गोऱ्या रंगाची नसलेली, म्हटल्यावर ऑनलाइन शिवीगाळ जास्त वाट्याला येते. मी माझ्या उमेदवारांना सांगायचे, मेसेज स्वतः वाचू नकोस, दुसऱ्या कोणाला वाचायला दे, धमकी असेल तर जपून ठेव आणि पोलिसांना दे.

आणि पासपोर्ट. खासदारकीसाठी ब्रिटिश नागरिकत्व कायद्याने लागत नसलं, तरी वरच्या टप्प्यावर जायचं तर बहुतेक जण ते घेतात. ते घेतलं की भारतीय नागरिकत्व कायद्याच्या कलम ९ प्रमाणे भारताचं नागरिकत्व जातं. परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना देतात ते ओसीआय कार्ड मिळतं, येणं-जाणं राहतं, पण इथे मत देता येत नाही, शेतजमीन विकत घेता येत नाही. गावी जमीन असेल तर आधी वकिलाशी बोला. याबद्दल घरात आत्ताच बोलून घ्या. नागरिकत्वाच्या समारंभात राजाशी निष्ठेची शपथ घ्यावी लागते, आणि त्या समारंभाच्या आदल्या रात्री आई रडतेय असं मी एकाहून जास्त घरांत पाहिलंय.

तिला परत बोलवू का, याला माझं उत्तर नाही असं आहे. तीन वर्षं नोकरी टिकवलेल्या, लोकांच्या घरांच्या अडचणी रोज हाताळणाऱ्या मुलीने हे म्हणावं, याचा अर्थ तिला काम दिसतंय. तिच्याकडून एकच गोष्ट मागा: पुढची दोन वर्षं शाखेत काम कर, मग बोलू. ज्यांना खासदार म्हणून मिरवायचंय ते पहिल्या हिवाळ्यात गळतात. चार वाजता अंधार, हातमोज्यांतून पत्रक पत्रपेटीत जात नाही, आतून कुत्रा भुंकतोय. ज्यांना ते आवडू लागतं, त्यांना कोणी थांबवू शकत नाही. आणि ती पडेल, कदाचित दोनदा. दलीपसिंग सौंद १९२० मध्ये पंजाबातून कॅलिफोर्नियाला शिकायला गेले. गणितात पीएचडी केली आणि शेती करत राहिले, कारण १९४६ पर्यंत कायदा भारतीयांना नागरिकच होऊ देत नव्हता. १९४९ मध्ये नागरिक झाले. १९५० मध्ये छोट्या गावाचे न्यायाधीश म्हणून निवडून आले, पण नागरिक होऊन वर्ष झालं नव्हतं म्हणून ते पद मिळालं नाही. १९५२ मध्ये पुन्हा उभे राहून ते पद घेतलं आणि १९५६ मध्ये अमेरिकन काँग्रेसवर निवडून गेले.

राहिलं आडनाव. बदलू नका. ब्रिटनच्या मतपत्रिकेवर नावं आडनावाच्या अक्षरक्रमाने येतात. कायदा रोजच्या वापरातलं नाव छापायची मुभा देतो, म्हणजे घरी आणि कामावर तिला ज्या लहान नावाने हाक मारतात ते पहिलं नाव म्हणून छापता येईल, आडनाव तसंच ठेवून. भावनगरी आणि सकलातवाला ही आडनावं शंभर वर्षांपूर्वी लंडनच्या कामगारांनी वाचली आणि त्यांच्यापुढे फुली मारली. पहिल्या पत्रकावर नावाखाली कंसात उच्चार छापावा, दारात स्वतः सावकाश म्हणून दाखवावं, आणि समोरच्याने चुकीचं म्हटलं तर हसून एकदाच दुरुस्त करावं. तिसऱ्या भेटीला लोकांना ते येतं.